लांब गाडीचं वळण

वीस वर्षं लोकांना गाडी शिकवणाऱ्या मास्तरीणबाईंचे हात त्या दुपारी स्टिअरिंगवर घामेजले होते. मागच्या सीटवर पाठीचं ऑपरेशन झालेला नवरा पाय लांब करून रेलला होता. त्यांच्या आखूड गाडीत त्याचे गुडघे पोटाशी आले असते आणि प्रत्येक खड्ड्यात गाडी पुढेमागे हिंदकळली असती. म्हणून त्यांनी भावाची लांब, ऐसपैस क्रॉसओव्हर गाडी मागून आणली होती. तिच्या पुढच्या-मागच्या चाकांमधलं अंतर चांगलं वीतभर जास्त होतं. हॉस्पिटलपासून नवऱ्याने एकदाही "आई गं" म्हटलं नव्हतं.

घराची अरुंद गल्ली आली. नेहमीच्या अंदाजाने त्यांनी वळण घेतलं, तर मागचं चाक फारच आतून आलं आणि कोपऱ्यातला खांब दाराला टेकायच्या बेतात आला. मागून टेम्पोवाला हॉर्न बडवू लागला.

"मी उतरू का गं?" नवऱ्याने विचारलं.

"हलायचं नाही म्हणजे नाही! डॉक्टर काय म्हणाले, विसरलात?"

त्यांनी टेम्पोवाल्याला हाताने खूण करून मागे घ्यायला लावलं, गाडी मागे घेतली आणि या खेपेला बरंच पुढे जाऊन स्टिअरिंग फिरवलं. खांब सुटला, पण पुढचा बंपर समोरच्या भिंतीला करकरत घासला.

"काय झालं?"

"काही नाही. पाठ कशी आहे?"

"बरी आहे. आलं का घर?"

"आलं," दारापाशी गाडी उभी करत त्या म्हणाल्या. हँडब्रेक ओढून त्या आधी बंपर बघायला उतरल्या.