बरोबरीची फायनल

"कौन बोला रे?"

मैदानावर कुठूनही आरडाओरडा झाला, की सर तोंडातली शिट्टी काढून गर्रकन वळत आणि हे विचारत. उत्तराची वाट पाहत नसत. शिट्टी बाहीला पुसत आणि खेळ पुढे चालू. सगळं जग आपल्यावर टपून बसलंय असं वाटणारा एखादा रेफरी तुम्हीही पाहिला असेल.

सर जामबागेतल्या एका शाळेतून पीटी शिकवून रिटायर झालेले. घरी मराठी, मैदानावर दखनी, रागावले की तेलुगू. मी जन्मभर ऑडिटच्या नोकरीत. माणूस हसला तरी का हसला, याचं व्हाउचर मागणारा. त्यामुळे आमचं जमायचं. दोघेही कुणावर विश्वास ठेवत नव्हतो, एकमेकांवरसुद्धा.

त्या वर्षी सरहद्दीवर लढाई पेटली आणि आमच्या मंडळानं जवानांच्या कुटुंबांसाठी फुटबॉलचे चॅरिटी सामने भरवले. फायनलला आले गौलीगुडा आणि चिक्कडपल्ली या दोन मोहल्ल्यांचे संघ. सरांची अट होती, रेफरी ते स्वतः आणि नियम जुना. त्यांच्या वडिलांच्या वेळी, निजामाच्या राज्यात, लढाईच्या दिवसांत असेच सामने होत म्हणे. फायनल बरोबरीत सुटली तर टायब्रेकर नाही, पुढच्या रविवारी पुन्हा सामना. तेवढीच मदतीची पेटी आणखी एकदा फिरायची. आम्ही हौसेनं हो म्हटलं.

पहिली फायनल बरोबरीत सुटली. दुसरीही. त्यानंतरच्या रविवारी गौलीगुडा एका गोलानं पुढे होतं, तर सरांनी खेळ इतका ताणला की पोरं धापा टाकायला लागली. शेवटी चिक्कडपल्लीनं गोल फेडला आणि लगेच शिट्टी वाजली. माझ्या मनात पाल चुकचुकली. गौलीगुड्यात म्हणत, म्हाताऱ्याला चिक्कडपल्लीनं फितवलंय. चिक्कडपल्लीत नेमकं उलटं. दोन्ही बाजू चिडल्या म्हणजे रेफरी सरळ, असंही काही भोळे लोक म्हणाले. आम्ही ऑडिटवाले तसं मानत नाही. दोन्हीकडून खाणारे मी पाहिलेत.

इराणी हॉटेलात मी त्यांना गाठलं. आडून विचारणं मला जमत नाही. सर, तुम्ही फायनल मुद्दाम लटकवताय, म्हणालो. त्यांनी आधी शेजारच्या टेबलाकडे संशयानं पाहिलं, मग खुर्ची जवळ ओढली.

"पोरगा तिकडे आहे," ते म्हणाले. "लढाई थांबेपर्यंत इथं कुणाला हरू द्यायचं नाही, असं मनात धरलंय. कुणाला बोलू नका."

त्यांचा मुलगा फौजेत, हे मला ठाऊक होतं. तरी माझा संशय गेला नाही, खोटं कशाला सांगू? नवससायास करणाऱ्यांना हाच माणूस हसायचा. तेवढ्यात त्यांच्या खिशातला फोन वाजला. तो काढायची त्यांनी इतकी घाई केली, की बशीतला चहा सगळा सदऱ्यावर. फोन गॅसवाल्याचा होता. मी कुणाला बोललो नाही.

पुढच्या रविवारी सामना पुन्हा बरोबरीत, खेळ संपत आलेला, आणि लोकांच्या फोनवर बातमी झळकली. युद्धबंदी झाली होती. मैदानभर गळाभेटी. कुणीतरी ओरडून सरांना सांगितलं. त्यांनी शिट्टी बाहीला पुसली. मग गोलासमोर चेंडू गौलीगुड्याच्या एका खेळाडूला लागला आणि सरांनी हँडबॉल म्हणून पेनल्टी दिली. गोल झाला, चिक्कडपल्ली जिंकली. सर तिथंच गवतात बसून खो खो हसत होते. त्यांना असं हसताना मी कधी पाहिलं नव्हतं, आणि मलाही फार बरं वाटलं.

मी गोलाच्या मागेच उभा होतो. चेंडू छातीला लागला होता.

युद्धबंदी जाहीर झाली, तरी त्यांच्या मुलाच्या चौकीवर त्या संध्याकाळी तोफा चालूच होत्या. हे सरांना नंतर कळलं. मुलाच्या साहेबांचा फोन आला.

दिवसकार्य आटोपल्यावर मी गेलो. सरांनी मला हाताला धरून गच्चीवर नेलं, दार लोटलं, जिन्यात कुणी नाही ना ते पाहिलं.

"ऑडिटरसाब, तुमची नजर कुणाला सोडत नाही. खरं सांगा. बॉल हाताला लागला होता ना? का मीच घाई केली?"

मी जन्मात कुणाचा हिशोब डोळे झाकून पास केलेला नाही.

"हाताला लागला होता, सर," मी म्हणालो. "कोपराच्या वर. पेनल्टी द्यावीच लागली असती."

ते माझ्या तोंडाकडे पाहत राहिले. विश्वास बसला की नाही, कोण जाणे.

मग ते नांदेडला लेकीकडे कायमचे राहायला निघाले. गौलीगुड्याच्या बसस्टँडवर मी सोडायला गेलो होतो. इकडचं तिकडचं बोललो. बस हलली, तसं त्यांनी खिडकीतून डोकं बाहेर काढलं.

"कोपराच्या वर, म्हणजे नेमकं कुठं?"

इंजिनाच्या आवाजात माझं बोलणं पोचलं नसतं. मी माझ्याच दंडावर बोट ठेवलं, आणि बस वळेपर्यंत ते तसंच धरून उभा राहिलो.