कॅप्टनच्या ढालीवरची वल्ही

मी बार्शीचा. आमच्याकडे समुद्र म्हणजे भूगोलाच्या नकाशातला निळा रंग. तरी सिंगापूरला हार्बरफ्रंटच्या शिपिंग ऑफिसात चिकटलो, प्रोबेशनवर. कन्फर्मेशनच्या कागदावर सही आमच्या म्हाताऱ्या स्कॉटिश कॅप्टनची, आणि पँट्रीत रोज त्याच्याच नकला करणारा मी!

तो शुक्रवारी रिटायर होणार होता. निरोपाची भेट म्हणून त्याच्या घराण्याचं चिन्ह असलेल्या ढालीची लाकडी प्रत करून आणायचं काम माझ्याकडे आलं. त्यानं चित्र दिलं: एका डोलकाठीची बोट, शीड गुंडाळलेलं, वल्ही बाहेर. खाली एकच शब्द, 'लिम्फॅड'. मला वाटलं, गाठीबिठीचा आजार असावा.

तोआ पायोहच्या फ्लॅटमधल्या आमच्या दादाला चित्र दाखवलं. दादा मरीन इंजिनिअर, त्यामुळे शांत बसणं शक्यच नाही.

"येड्या, शीड गुंडाळलंय, बोटीत माणूस नाही, मग वल्ही काय भुतं मारतायत? शीड उघड, वल्ही काढ!"

मला पटलं की! वल्ही खोडली, शीड टम्म फुगवलं आणि चित्र दुकानात दिलं.

शुक्रवारी सगळ्यांसमोर ढालीवरचा गिफ्टचा कागद फाटला. कॅप्टन ढालीवर वल्ही शोधायला लागला.

"व्हेर्रर्र आर माय ओर्रर्रज?"

माझी एक खोड आहे. घाबरलो की समोरच्याचाच आवाज माझ्या तोंडातून निघतो.

"सर्रर्र, द इंजिनिअर थ्र्रू देम ओव्हर्रबोर्रर्रड!"

संपलं, म्हटलं, आता थेट बार्शी.

आणि कॅप्टन असा हसला, असा हसला, की चष्मा काढून डोळे पुसले! मग मला शेजारी बसवून सांगायला लागला. स्कॉटलंडच्या जुन्या भाषेत 'लाँग' म्हणजे जहाज, 'फादा' म्हणजे लांब. लांब जहाज! इंग्रजीत लिहिणाऱ्यांनी त्याचं लिम्फॅड करून टाकलं. मी उडालोच. अरे, हे तर आमच्या शीवचं सायन केलं तसंच!

"आणि शीड मुद्दाम बंद," तो म्हणाला. "माझे आजोबा सांगायचे, वारा असो नसो, आपण पोचायचं."

मग काळा मार्कर मागवून त्यानं फुगलेल्या शिडाखाली एका बाजूला वल्ही रेखाटली. दुसरी बाजू मला दिली. माझी वल्ही झाडूसारखी आली. त्याच मार्करनं त्यानं माझ्या कन्फर्मेशनच्या कागदावर ठसठशीत सही ठोकली.

मार्करची सही चालत नाही म्हणून एचआरची बाई सिंगापुरी इंग्रजीत ओरडली, "मार्कर कॅनॉट, लाह!"

मी कागद घेऊन लिफ्टकडे पळालोसुद्धा. सगळ्यात आधी दादाला फोन लावला, अर्थात कॅप्टनच्या आवाजात.