झाकणभर साबण

ते भांडण मावशीच्या कानावर पडलं तेव्हा ती कंपनीत नवीन होती. काचेच्या खोलीत दोन साहेब एकमेकांवर तापलेले, आणि ही दाराआड बादली धरून उभी.

"फरशी आरशासारखी पाहिजे, पण पुसणारी बाई पाहुण्यांना दिसता कामा नये!"

"मग काय भुतं कामाला ठेवू?"

भुतंच ठेवली म्हणायची. तेव्हापासून पावलं वाजली की मावशी खांबाआड. केस पिकले, लेकाचं लग्न झालं, पण साहेबलोकांना तिचं तोंड काही ठाऊक नाही.

आता सून हाताखाली आली होती. अजून कायम नव्हती. एक चूक झाली की घरी. आणि लेकाचं काम सुटलेलं, तेव्हा घराची सगळी भिस्त या दोघींवर.

त्या सकाळी मोठे पाहुणे यायचे होते. मावशी वरच्या मजल्याची फरशी पुसून खाली आली, तर दालनाची फरशी नको तेवढी चकाकत होती. तिनं चप्पल काढून अंगठा टेकवला. सर्रकन सरकला.

"अगं, साबण किती घातलास?"

"घरी घालते तसाच, आई. पाहुणे येणार म्हणून जरा सढळ हातानं."

"इथल्या दगडाला झाकणभर पुरतो गं बाई! घसरगुंडी करून ठेवलीस."

सून पांढरीफटक पडली. तेवढ्यात मोठं दार उघडलं. पुढे साहेब, मागे पाहुणे, त्यांत काठी टेकत येणारी एक म्हातारी.

"आई, लपा!"

मावशी खांबाआड गेलीही, अंगवळणीच पडलेलं. पण काठीचं टोक त्या चकाकीपासून हातभर राहिलं, तशी ती हात पसरून आडवी आली.

"थांबा! निसरडं आहे."

सगळे थबकले. साहेब लालबुंद. मावशीनं गुडघे टेकले, साधं पाणी मारलं, कोरड्या फडक्यानं माणूस जाईल एवढी वाट पुसून काढली. म्हातारी त्यावरून सावकाश पलीकडे गेली.

पाहुणे लिफ्टमध्ये शिरताच सुपरवायझर आला.

"साबण कुणी ओतला?"

सुनेनं तोंड उघडलं. मावशीनं तिच्या पायावर पाय दिला.

"मी. अंदाज चुकला."

"इतक्या वर्षांत कधी चुकला नाही तो, मावशी?"

"म्हणून तर एकदा हौस भागवून घेतली."

तो हसला नाही. "साहेब सांगून गेलेत, चूक ज्याची तो घरी. उद्यापासून येऊ नका. सुनेला राहू दे."

सुनेला रडू फुटलं.

"रडतेस काय? ते दालन नीट धुऊन घे आधी," मावशी म्हणाली. मग वर गेली, टोपल्या रिकाम्या केल्या, पिशव्यांची तोंडं घट्ट बांधली आणि कचऱ्याच्या गाडीत टाकून आली.