विसाव्याचा महिना

गंगावेशीच्या दूधकट्ट्यावर गिऱ्हाइकासमोर धार काढून पेला हाती देणारा हा गृहस्थ एका मनोराज्याचा अधिपती आहे, आणि त्या राज्याच्या पंचांगास मी वर्षानुवर्षे तोंडी व लेखी हरकत घेत आलो आहे. तिथे म्हैस व्याल्याशिवाय नवे वर्षच लागत नाही! "मग अपिलाची मुदत मोजायची कशी?" मी एकदा खडसावून विचारले. फेस बसण्याची वाट पाहत तो म्हणाला, "साहेब, आमच्या राज्यात भांडणं धार काढायच्या आत मिटत्यात की!" कायद्याची याहून उघड थट्टा मी ऐकलेली नाही.

परवा एक व्यापारी त्याची म्हातारी, आटलेली म्हैस न्यायला आला. अशी जनावरे पुढे कुठे जातात, हे कट्ट्यावर सर्वांना ठाऊक आहे. बोलणी पक्की झालेली असताना हा तिच्या पाठीवर हात ठेवून म्हणाला, "न्हाय जमणार, पावणं. आमच्यात विसाव्याचा म्हयना चालू हाय. ह्यात आटलेली म्हस इकत न्हाईत."

असा महिना त्याच्या पंचांगात कधीच नव्हता. तो त्याने त्या क्षणी, कोणाचीही हरकत न मागवता, पूर्वलक्षी प्रभावाने लागू केला होता! माझा संताप अनावर झाला. तेवढ्यात व्यापारी माझ्याकडे वळला. "तुम्ही शिकल्यालं दिसताय. असला म्हयना असतोय व्हय? संपतोय कवा?"

कट्ट्यावरच्या साऱ्या माना माझ्याकडे वळल्या. म्हशीचा मालक मात्र तिच्याकडेच पाहत होता.

"महिना संपल्याची अधिसूचना अद्याप निघालेली नाही," मी कडाडलो. "आपण जाऊ शकता."