न्यायाधीशाचा हिंदी आवाज

सकाळचे पाच चाळीस. बल्लारपूरच्या घरात ओट्यावर लॅपटॉप ठेवून संघप्रिया दुर्गे एका अमेरिकी मालिकेतलं कोर्टाचं दृश्य आवाज बंद करून बघत होती. तिची पद्धत ठरलेली आहे. आधी नुसतं चित्र, मग मूळ इंग्रजी आणि शेवटी हिंदी डबिंग. अमेरिकी चित्रपट-मालिकांतली कृष्णवर्णीय माणसं आपल्या पडद्यावर येईपर्यंत कशी बदलतात, हा तिच्या पीएचडीचा विषय. आज गडचिरोलीला तिची खुली मौखिक परीक्षा होती.

वर्षभरापूर्वी प्रबंध परत आला होता. बाह्य परीक्षकांचा शेरा होता, की संशोधिकेचा या विषयाशी संबंध स्पष्ट होत नाही. एखादा जवळचा विषय घे, दलित स्त्रियांचा किंवा आदिवासी नृत्याचा, असं बऱ्याच जणांनी सुचवून पाहिलं. तिने डबिंगचं प्रकरण नव्याने लिहिलं आणि विषय तोच ठेवला. आता नापसंती आली असती, तर नोंदणीच रद्द होणार होती.

पेपर मिलमध्ये कामाला असलेला भाऊ राजदीप तिला मोटारसायकलवर घेऊन निघाला. "अमेरिकेवर पीएचडी करून राह्यली, अन् तुयापाशी पासपोर्टबी नाई," मूलच्या रस्त्याला लागताना तो म्हणाला.

सभागृहात तिने सकाळचंच दृश्य आवाजाविना दाखवलं आणि इथे सत्ता कोणाकडे आहे, असं विचारलं. न्यायाधीशाकडे, तेच बाह्य परीक्षक म्हणाले. न्यायाधीश कृष्णवर्णीय होता. मग तिने हिंदी आवाज लावला. गोऱ्या वकिलाची हिंदी बातम्यांतल्यासारखी शुद्ध होती. न्यायाधीश त्याला म्हणाला, "ए वकील, बैठ ना बे चुपचाप." सभागृह हसलं. परीक्षकही हसले. त्यानंतर मूळ संवाद मराठी उपशीर्षकांसह लागला: "वकील महोदय, आपण बसावं." कोणी हसलं नाही. तिने दाखवलेल्या इतर दृश्यांतले कृष्णवर्णीय पोलीस अधिकारी, शल्यविशारद, प्राध्यापिका, सगळ्यांची हिंदीत तीच गत होती.

परीक्षकांनी तरीही जुना प्रश्न विचारला: यात तुमचा संबंध काय?

"सर, त्या माणसाला खाली आणायचं होतं, तर त्याच्या तोंडी आमच्या बल्लारपूरच्या बाजारातली हिंदी घातली," ती म्हणाली. "संबंध डबिंगवाल्यांनी लावला. मी फक्त दाखवला."

परीक्षकांनी दृश्य पुन्हा लावायला सांगितलं. या वेळी सभागृह शांत होतं. मग आपला शेरा मागे घेत असल्याचं त्यांनी जाहीरपणे सांगितलं आणि एकही दुरुस्ती न सुचवता पदवीची शिफारस केली. टाळ्या थांबायला वेळ लागला. मार्गदर्शकांनी तिला पहिल्यांदाच 'डॉक्टर' म्हणून हाक मारली.

बाहेर येऊन राजदीपने घरी फोन लावला. आई अंजनाबाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, "मंग आता तो जज नीट बोलन का?"

संघप्रिया शिकवते त्या गडचांदूरच्या महाविद्यालयात उद्या सकाळी साडेआठला तिचा तास आहे. फलकावरच्या वेळापत्रकात तिच्या नावाआधी 'कु.' आहे, विद्यापीठाची पदवीची अधिसूचना निघेपर्यंत तेच राहील.