प्लेनोतला सेंटर फॉरवर्ड

डेरेक पिकरिंगला डॅलसजवळच्या प्लेनोत सगळे ‘कोच’ म्हणत. मुली म्हणत, त्यांचे आईबाप म्हणत, आणि तो रोज सकाळी जिथे कॉफी घेई त्या दुकानातली बाईसुद्धा म्हणे. हा माणूस एके काळी इंग्लंडमध्ये पोटापाण्यासाठी फुटबॉल खेळायचा, हे लोकांना उडत उडत ठाऊक होतं. पण टेक्ससमध्ये फुटबॉल म्हटलं की डोळ्यांसमोर हेल्मेट घातलेले धिप्पाड गडी येतात. त्यामुळे त्याच्या खेळाची कुणी फारशी चौकशी केली नाही.

तो ग्रिम्सबीचा. बाप मासळीच्या गोदीत कामाला. गोलसमोर या पोराचं डोकं थंड राहतं हे कुणाच्या तरी लक्षात आलं आणि पंधराव्या वर्षी शाळा सोडून तो एका क्लबात उमेदवारीला लागला. मोठ्या खेळाडूंचे बूट पुसायचे, प्रेक्षकांच्या पायऱ्या झाडायच्या आणि मग खेळायचं. पुढे पहिल्या संघात जागा मिळाली आणि तिसऱ्या-चौथ्या डिव्हिजनच्या क्लबांतून त्यानं तारुण्य काढलं. गोल होत होते तोवर तो गावाचा जावई. गोल आटले की दुकानात पाव आणायला जायचीही चोरी. एका मोसमात त्याचा पाय असा चालला, की वरच्या डिव्हिजनच्या क्लबनं त्याला विकत घेतलं. तिथे तो बहुतेक बाकावरच बसला, आणि खेळायला मिळालं त्या मॅचमध्ये नेमका उजवा गुडघा गेला. ऑपरेशन झालं, पण चेंडूवर झेपावण्याचा वेग गेला तो गेलाच.

बायकोही वेगळी झाली होती. अशात छताखालचा इनडोअर फुटबॉल खेळणाऱ्या डॅलसच्या एका संघाचं बोलावणं आलं, तेव्हा त्यानं फार विचार केला नाही. काही वर्षांत तो संघही बंद पडला. परत जाऊन करायचं काय, म्हणून तो इथेच राहिला आणि शाळकरी मुलींना शिकवू लागला.

१९९४ च्या उन्हाळ्यात वर्ल्ड कपच्या मॅचेस डॅलसला झाल्या. इंग्लंडचा संघ पात्रच ठरला नव्हता, पण त्याचं दुःख करायला डेरेकला सवड नव्हती, कारण त्याच्याकडे मुलींची रीघ लागली. त्या सगळ्यांत सरस होती ती त्याच्याकडे बरीच वर्षं शिकत असलेली सुमेधा गजभिये, पंधरा वर्षांची. तिचे वडील राजाराम मूळचे नागपूरचे, इथे टेलिफोनच्या कंपनीत इंजिनिअर. दर शनिवारी मैदानाच्या कडेला घडीची खुर्ची टाकून बसत. गोलकीपर अंगावर आली तरी सुमेधा बिचकत नसे. तिला पाहताना डेरेकला आपलंच तरुणपण दिसे. कॉलेजं हिला स्कॉलरशिप देऊन नेतील, हे राजारामना त्यानंच सांगितलं होतं.

आणि ऑक्टोबरात सुमेधा यायची थांबली. राजारामचा फोन आला, घरी या, तुमचं ती ऐकेल.

डेरेक गेला. हॉलमध्ये बुद्धाची मूर्ती, भिंतीवर बाबासाहेबांची तसबीर. सुमेधाची आई सुवर्णा हिनं चहा आणि पोहे पुढे ठेवले. राजारामनी आपली बाजू मांडली: आमच्या घरात हाती घेतलेलं कुणी अर्धवट सोडलेलं नाही, आणि इतकी वर्षं प्रॅक्टिसला ने-आण केली ती काय यासाठी? सुमेधा मोजे घातलेल्या पायांनी येऊन सोफ्याच्या कडेला बसली. डेरेकनं गाडीत मनाशी जुळवलेलं सगळं तिला सांगितलं. अशी दैवी देणगी सगळ्यांना मिळत नाही, कंटाळा येतो आणि जातोही. तिनं ते नीट ऐकून घेतलं.

मग तिनं विचारलं, “कोच, तुम्ही माझ्याएवढे होतात तेव्हा फुटबॉलशिवाय तुम्हाला काय आवडायचं?”

डेरेक उत्तर शोधू लागला. ओल्या सिमेंटच्या पायऱ्या आठवल्या, झाडू आठवला, बूट-पॉलिशचा वास आठवला. दुसरं काही सापडेना. आजवर लोकांनी त्याला गोल विचारले होते, गुडघ्याचं विचारलं होतं. हे कुणी विचारलं नव्हतं.

“माहीत नाही,” तो म्हणाला. “मला कुणी विचारलंच नाही. मीही स्वतःला कधी विचारलं नाही.”

राजाराम लेकीकडे वळले. “मग तुला करायचंय तरी काय?”

“आय डोन्ट नो, बाबा. मला ते शोधायचंय.”

डेरेकनं कप खाली ठेवला आणि राजारामना सांगितलं, की मी हिला परत न्यायला आलो होतो, पण आता मला ते बरोबर वाटत नाही. राजारामचा चेहरा उतरला. हा माणूस आपल्या बाजूनं बोलेल अशी त्यांची खात्री होती.

“गुडघा गेला तरी तुम्ही सोडलं नाही ना?” त्यांनी विचारलं.

“नाही. पण सोडता येतं हे मला ठाऊकच नव्हतं.”

सुवर्णा त्याला दारापर्यंत पोचवायला आली. “मी हेच सांगत होते,” एवढंच ती म्हणाली.

त्या मोसमात संघ सपाटून हरला आणि काही पालक कुरकुरले. डेरेक मात्र बरेच दिवस त्या प्रश्नापाशीच रेंगाळत राहिला. आपलं आयुष्य वाया गेलं असं त्याला वाटलं नाही. जाळं हलल्यावर छातीत उसळायचं ते खरंच होतं, आणि ते बहुतेकांच्या वाट्याला येत नाही. पण ते आयुष्य आपण निवडलं होतं का, याचं उत्तर त्याला देता येईना. देता आलं नाही तरी चालेल, असं हळूहळू त्यानं स्वीकारलं.

वसंतात एका शनिवारी राजाराम एकटेच मैदानावर आले. सुमेधानं नाटकात नाव घातलं होतं, ते सोडलं, आता शाळेच्या वर्तमानपत्रासाठी फोटो काढते, असं त्यांनी सांगितलं. तक्रारच होती, पण सांगता सांगता हसू आलं. शनिवारी घरात करमत नाही, हेही त्यांनी कबूल केलं.

डेरेकनं तेव्हा नुकताच दर गुरुवारी संध्याकाळी मोठ्या माणसांसाठी खेळ सुरू केला होता. त्यानं राजारामना बोलावलं. राजारामनी जन्मात चेंडूला लाथ मारली नव्हती. ते ऑफिसच्या बुटांवरच आले, पहिलीच लाथ हवेत मारली आणि तोल जाऊन गवतावर बसले. डेरेकनं हात देऊन त्यांना उठवलं आणि चेंडू पुन्हा त्यांच्या पायाशी आणून ठेवला.