एका शेपटीचा सिंह

जर्मन गुरुजींकडे चहा हवा असेल तर आधी हात धुवावे लागत, तेही साबणाने. बदनापुरात जन्मभर इतिहास शिकवून निवृत्त झालेल्या या माणसाने जर्मनी कधी पाहिली नव्हती. तिकडे नोकरीला गेलेल्या एका विद्यार्थ्याने त्यांना पाचशे वर्षांपूर्वीचं चांदीचं नाणं पाठवलं, आणि गावाने त्यांचं नाव बदलून टाकलं. ते हातात घेऊन पाहिल्याशिवाय चहा येत नसे.

नाणं टिकलीएवढं, पातळ, वाटीसारखं खोलगट. छाप एकाच बाजूला. एक ढाल, तिच्या अर्ध्यात सिंह, अर्ध्यात तिरके चौकोन. "हे शंकरपाळे पाह्यले का?" गुरुजी विचारत. "त्या वक्ताला वाचता कोणाला यायचं? ढाल पाह्यली की बराबर कळायचं, नाणं कोण्या राजाचं हाय." मला शंकरपाळे दिसत. सिंहाच्या जागी नुसता काळा डाग दिसे. पण मी पडलो विज्ञानाचा शिक्षक. "वा, काय सिंह आहे!" असं ठोकून द्यायचो.

गुरुजींना एकाच प्रश्नाने पछाडलं होतं. सिंहाला शेपट्या किती? कुठल्या घराण्याच्या सिंहाला एक असते, कुठल्या दोन. मोतीबिंदूमुळे त्यांना ते दिसत नव्हतं. मी मोजू का, असं एकदा उगाच विचारलं. "न्हाई सर, माझं मलाच मोजू द्या. जल्दी काय हाय? पाचशे वर्सं थांबलाय तो." मी मनातल्या मनात सुटलो.

ऑपरेशनसाठी जालन्याला जाताना त्यांनी नाण्याची डबी माझ्याकडे ठेवली. डोळ्याची पट्टी सुटल्यावर त्यांना लख्ख सिंह दिसावा, म्हणून मी आईची दिवाळीतली पद्धत काढली. चिंच, मीठ, वर दंतमंजन. चांगलं अर्धा तास घासलं. नाणं आरशासारखं चमकलं. शंकरपाळे थोडे उरले, सिंह गेला. आणि मुलांना धातूंचा धडा मीच शिकवत होतो.

गुरुजी भिंगातून बराच वेळ पाहत राहिले. "घासलं का, सर?" मी मान हलवली. "त्या काळेपणातच तर सिंह बसल्ता." रागावले असते तर बरं झालं असतं. पण तेच मला समजावू लागले. "जाऊ द्या. तुमची नजर चांगली. तुम्ही तं पाह्यल्ता ना? शेपट्या किती व्हत्या?"

"एकच," मी म्हणालो.

त्यांचा चेहरा असा खुलला, की खरं सांगायचं राहूनच गेलं. पुढे रोज उद्यावर ढकलत राहिलो.

गेल्या वर्षी गुरुजी गेले. त्यांच्या मुलीने डबी मला आणून दिली. त्यांनीच तसं सांगून ठेवलं होतं. आत नाण्याचं पाकीट, त्यावर त्यांचं अक्षर: "सिंह, शेपटी एक. सरांनी स्वतः पाहिली."

त्यांची फार आठवण येते. आता माझ्याकडे येणाऱ्यालाही आधी हात धुवावे लागतात. ती ओळ खोडून टाकावी, असं पुष्कळदा वाटतं. पण काहीही पुसायचं म्हटलं की माझे हात थांबतात.